फिक्स रेटच्या दुकानात चार्ली, बस्टर आणि हॅरॉल्ड

एक पोरगेलासा माणूस किराणा दुकानात काकवी घ्यायला येतो. पत्र्याचा डबा घरून आणलाय, कारण तेव्हा अमेरिकेत काकवी पिंपातून सुटीच मिळायची, आपल्याकडे गोडंतेल मिळायचं तशी. पंचवीस सेंटचं नाणं, म्हणजे त्यांची पावली, त्याने डब्यातच टाकून आणलंय. दुकानातला जाडा माणूस डबा घेतो, पिंपाचा नळ सोडतो, डबा काठोकाठ भरून पुढे ठेवतो आणि पैशासाठी हात पसरतो. गिऱ्हाईक शांतपणे बोटाने डब्याकडे दाखवतं. पावली तळाशी, वरती काकवी.

आता काय करणार? जाडा हळूच गिऱ्हाइकाचीच टोपी उलटी धरून त्यात काकवी ओततो आणि नाणं काढून घेतो, पुढे ती टोपी डोक्यावर जाते आणि तिथेच चिकटते, मग दोघांची ओढाताण, त्यात काकवी फरशीवर सांडते, त्यात बूट रुततो, तो सुटेना म्हणून जाडा त्यावर उकळतं पाणी ओततो आणि गिऱ्हाईक बोंबलत दाराबाहेर. पंचवीस सेंटच्या खरेदीचा एवढा राडा, आणि या सगळ्यात एक शब्दही ऐकू येत नाही.

हा प्रसंग 'द बुचर बॉय' नावाच्या मूकपटातला आहे, २३ एप्रिल १९१७ ला आलेल्या. जाडा म्हणजे रॉस्को आर्बकल, ज्याला अख्खं जग फॅटी म्हणून ओळखायचं, आणि काकवीवालं गिऱ्हाईक म्हणजे बस्टर कीटन, वय २१, आयुष्यात पहिल्यांदा कॅमेऱ्यासमोर. पोरगं लहानपणापासून आईबापांबरोबर स्टेजवर आपटून घेत वाढलेलं. न्यूयॉर्कला स्टेजवर आठवड्याला २५० डॉलर मिळणार होते ते सोडून हा सिनेमात ४० डॉलरवर आला. आल्या आल्या म्हणे कॅमेरा आतून कसा चालतो ते बघायलाच बसला.

मी हे पिक्चर भाच्याला दाखवायला म्हणून लावले आणि मीच अडकले. त्या काळातल्या कॉमेडी बघत गेलं की एक गोष्ट सारखी दिसते, दर दोन पिक्चरला कुणीतरी दुकानात शिरतं. बुटांचं दुकान, किराणा, गहाणवट, कापडाचा काउंटर, टोप्यांचं दुकान. इतकं दुकान का? सरळ उत्तर असं की दुकानात फेकाफेकीला सामान आयतं मिळतं, पिठाच्या पिशव्या, मटण, झाडू. ते खरंच आहे, पण तेवढ्यावर माझं समाधान झालं नाही. मला वाटतं खरं कारण वेगळं आहे आणि ते भाव करण्याशी जोडलेलं आहे.

कसं ते सांगते. माझी आई दादरला साडी घ्यायला गेली की तो संपूर्ण कार्यक्रम तोंडाचा असतो. "एवढी कसली हो किंमत", "ताई, तुम्हाला म्हणून सांगतो", मग उठून निघाल्यासारखं करायचं, मग दारातून परत बोलावणं. नाटक जबरदस्त, पण आवाज बंद करून बघितलं तर काय दिसेल? दोन माणसं तोंडं हलवतायत. मूकपटात हे दाखवायचं तर दर पाच सेकंदांनी पडद्यावर पाटी आणावी लागेल आणि लोक उठून जातील. म्हणजे घासाघीस ही मूकपटाच्या कामाची नाही.

पण नेमकी तीच गोष्ट पाश्चात्त्य शहरांतल्या दुकानांतून गेली होती. पॅरिसचं बाँ मार्शे, १८५२ पासून आरिस्तीद बुसिकोने वाढवलेलं, तिथे प्रत्येक वस्तूवर किंमत लिहिलेली, आत या, बघा, हात लावा, घेतलं नाही तरी चालेल, पसंत नाही पडलं तर परत आणा. पुढे अमेरिकेत अशी मजल्यावर मजले असलेली दुकानं उभी राहिली, वूलवर्थने १८७९ मध्ये पाच सेंटचं दुकान काढलं म्हणजे किंमत विचारायचीच सोय ठेवली नाही, आणि १९१६ मध्ये मेम्फिसला क्लॅरेन्स सॉन्डर्सने पिग्ली विग्ली नावाचं दुकान उघडलं जिथे गिऱ्हाइकाने टोपली घेऊन स्वतःच सामान उचलायचं. (आपल्याला सुपरमार्केटची सवय झालीये म्हणून त्यात काही वाटत नाही, पण तोवर वाण्याने पुडी बांधून हातात द्यायची हीच जगाची रीत होती.)

तर फिक्स रेट आल्याबरोबर दुकान मुकं झालं. आता माणूस आणि वस्तू समोरासमोर. बघायचं, हात लावायचा, उचलायचं, घालून बघायचं, परत ठेवायचं, खिसा चाचपायचा. हे सगळं हाताडोळ्यांचं काम, आणि कॅमेऱ्याला तर हात आणि डोळेच हवे असतात.

पहिला ठोस नमुना १९०३ चा. एडिसनच्या कंपनीत एडविन पोर्टरने 'द गे शू क्लार्क' नावाचा जेमतेम मिनिटभराचा पिक्चर केला. बुटांचं दुकान, एक तरुण मुलगी आणि तिच्यासोबत वयस्कर बाई येतात, बाई बाजूला वाचत बसते, नोकर मुलीच्या पायात बूट घालायला लागतो. आणि इथे पोर्टर एकदम कॅमेरा जवळ नेतो, पडद्यावर फक्त पाय, बूट आणि नोकराचे हात. स्कर्ट किंचित वर सरकतो, हात थरथरतात, नाडी बांधताना गडबड. परत लांबचं दृश्य, नोकर मुलीचा मुका घेतो, बाई उठून छत्रीने बदडते, संपलं. आज त्यात काही नाही वाटणार, पण त्या काळात बहुतेक पिक्चर नाटकासारखे एकाच अंतरावरून घेतलेले असायचे, तिथे जवळ जाऊन बघ म्हणून सांगणारं हे दृश्य आहे. आणि दुकानातच असा पाय हातात धरायला परवानगी होती, बाहेर रस्त्यावर केलं असतं तर छत्रीवर भागलं नसतं.

आता चार्ली. १९१६ च्या सुरुवातीला चॅप्लिनने म्युच्युअल कंपनीशी करार केला, आठवड्याला १०,००० डॉलर आणि सहीचे वर दीड लाख, म्हणजे वर्षाचे ६,७०,००० डॉलर, वय २६. त्या पैशांत पहिला पिक्चर केला तो 'द फ्लोअरवॉकर', मे १९१६. फ्लोअरवॉकर म्हणजे मोठ्या दुकानात सूट घालून मजल्यावर फिरत राहणारा माणूस, गिऱ्हाइकाला कुठला काउंटर कुठे ते सांगायचं आणि नोकरांवर डोळा ठेवायचा. थोडक्यात मुकादम, पण पॉलिश केलेला.

चार्ली दुकानात शिरतो आणि काउंटरवर मांडलेल्या वस्तू जागच्या जागी वापरून बघायला लागतो. विकत काही घ्यायचं नाहीच. कपडे फाटके, त्यामुळे दुकानातल्या माणसाची नजर सारखी याच्यावर, आणि तेवढ्यात चांगल्या कपड्यांतली मंडळी आरामात माल लांबवतायत. मला विचाराल तर अख्ख्या पिक्चरमधला हा सगळ्यात हुशार भाग. आत या आणि हात लावा हे सगळ्यांना सांगितलेलं असतं, पण खरंच कुणी कुणी हात लावायचा ते कपड्यांवरून ठरतं. आजही मॉलमध्ये चप्पल घालून गेलं की गार्ड मागे मागे फिरतो ते आठवतंच.

पुढे गोष्ट अशी की दुकानाचा मॅनेजर आणि फ्लोअरवॉकर मिळून तिजोरी साफ करायच्या बेतात आहेत आणि फ्लोअरवॉकर दिसायला हुबेहूब चार्लीसारखा. दोघं एका दारात समोरासमोर येतात आणि दोघांनाही वाटतं आपण आरशात बघतोय. एक हात वर करतो, दुसरा करतो. आरशाची ही गंमत नंतर किती जणांनी किती वेळा केली त्याची गणतीच नाही.

पण पिक्चर लक्षात राहतो तो सरकत्या जिन्यासाठी. हा जिना तेव्हा नवलाईचा होता. लंडनच्या हॅरॉड्स नावाच्या मोठ्या दुकानात १८९८ ला सरकता पट्टा बसवला तेव्हा वर पोचलेल्या गिऱ्हाइकांना घाबरणं उतरावं म्हणून ब्रँडी देत होते (आपल्याकडे स्टेशनवर जिन्यासमोर काष्ट्याची आजी थबकते तिला कुणी चहासुद्धा विचारत नाही). चॅप्लिनने न्यूयॉर्कला कुणालातरी सरकत्या जिन्यावर घसरताना पाहिलं आणि त्यावरून हे सुचलं असं सांगतात. पिक्चरमध्ये मॅनेजर झालाय एरिक कॅम्पबेल, सहा फुटांच्या वरचा धिप्पाड माणूस, तो चार्लीच्या मागे लागतो आणि चार्ली वर येणाऱ्या जिन्यावरून खाली पळायला लागतो. जीव तोडून पळतोय आणि आहे तिथेच आहे. एक वाक्य लागत नाही, पाटी लागत नाही, जपानमधल्या माणसालाही कळेल आणि जळगावमधल्यालाही.

इथे थोडं तांत्रिक सांगून टाकते कारण लोक हमखास विचारतात, जुन्या पिक्चरमध्ये माणसं अशी तुरुतुरु का चालतात. कॅमेरा तेव्हा हाताने फिरवायचा, सेकंदाला साधारण १६ ते २० चित्रं. बोलपट आल्यावर वेग २४ वर पक्का झाला, आणि १६ ने घेतलेलं २४ ने दाखवलं की माणसं दीडपट वेगाने पळणारच. त्याशिवाय कॉमेडीवाले मुद्दाम हँडल हळू फिरवायचे, म्हणजे दाखवताना धावपळ आणखी जोरात. आणि "दोन रिळांचा पिक्चर" म्हणजे काय? एक रीळ १,००० फूट, एका फुटात १६ चित्रं, सेकंदाला १६ चित्रं धरली तर एका सेकंदाला एक फूट, म्हणजे रीळ १,००० सेकंदांचं, सोळा-सतरा मिनिटं. वेग वाढवला की वेळ कमी. चॅप्लिनचे हे पिक्चर दोन रिळांचे. साधारण अर्ध्या तासात सगळं आटपायचं, त्यामुळे जिथे ओळख करून द्यायला वेळ लागत नाही अशी जागा हवी, आणि दुकान कुणाला समजावून सांगावं लागत नाही.

मघाशी मी म्हटलं घासाघीस मूकपटात होत नाही. एक अपवाद आहे आणि तो चॅप्लिननेच करून ठेवलाय, त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये आलेल्या 'द पॉनशॉप'मध्ये. गहाणवटीचं दुकान, जिथे किंमत लिहिलेली नसते, माल बघूनच ठरते. एक माणूस गजराचं घड्याळ गहाण टाकायला आणतो. चार्ली गंभीर चेहऱ्याने कानाला स्टेथोस्कोप लावून घड्याळाची छाती तपासतो. टकटक वाजवून बघतो. मग डबा फोडायच्या हत्याराने मागचं झाकण कापतो, आत नाक घालून वास घेतो, मासळी उतरलीये का बघावं तसा. स्प्रिंग बाहेर ओढून कापडासारखी मापतो. काउंटरवर सुटे भाग किड्यांसारखे वळवळायला लागतात तर त्यांच्यावर तेल मारतो. शेवटी सगळा चुरा गोळा करून त्या माणसाच्याच टोपीत भरतो आणि मान हलवतो, नाही, नको. गिऱ्हाईक बिचारं पूर्ण वेळ तोंड उघडं टाकून उभं.

घासाघिशीचं अख्खं व्याकरण आहे यात! माल हातात घ्यायचा, नाक मुरडायचं, दोष काढायचे, समोरच्याला आपला माल भंगार आहे असं त्याच्याच तोंडावर पटवायचं. फक्त शब्द काढून टाकलेत आणि दोष काढता काढता खरंच दोष करून ठेवलाय. मोबाइल एक्स्चेंजला नेला की काउंटरवरचा मुलगा तो उजेडात धरून तिरका करून बघतो ना, अगदी तोच चेहरा.

चॅप्लिन दुकानात उपरा आहे, बाहेरून आलेला. त्याच काळातला दुसरा विनोदी नट हॅरॉल्ड लॉइड मात्र आतला माणूस, काउंटरमागचा. 'सेफ्टी लास्ट' (१९२३) म्हटलं की सगळ्यांना घड्याळाला लोंबकळणारा चष्मेवाला आठवतो, पण तो लोंबकळण्यापर्यंत येतो कसा ते बघा, पहिला अर्धा पिक्चर निव्वळ कापडाच्या काउंटरवर आहे. गावाकडचा मुलगा शहरात येऊन मोठ्या दुकानात नोकर लागतो, आठवड्याला १५ डॉलर, आणि गावाकडच्या मुलीला पत्रात थापा मारतो की माझं झकास चाललंय.

त्यातले दोन प्रसंग मला फार आवडतात. एक म्हणजे सेलचा. बायकांची झुंबड काउंटरवर तुटून पडलीये, दहा हात एकदम, याचं टोक हिच्याकडे, त्याचं तिच्याकडे, ज्याने दादरला दिवाळीच्या आधीचा रविवार बघितलाय त्याला वेगळं सांगायला नको. हॅरॉल्डचा कोट फाटतो, आणि एवढ्या धुमश्चक्रीत जिवंत राहिला याचं कौतुक सोडून वरचा साहेब त्याला झापतो कशाबद्दल, तर गिऱ्हाइकांसमोर नुसत्या शर्टावर उभा राहिलास म्हणून. नोकरीत कधी ना कधी असला साहेब सगळ्यांच्याच वाट्याला येतो.

दुसरा प्रसंग अगदी छोटा आहे. पगार झालाय, भूक लागलीये, समोर ५० सेंटच्या जेवणाची पाटी. पण सराफाच्या काचेत त्या मुलीसाठी चेन दिसते. तो आत जातो आणि एकेक नाणं मोजून देतो, आणि जसं नाणं हातातून सुटतं तसा डोळ्यांपुढच्या जेवणातला एकेक पदार्थ गायब होतो, शेवटी ताट रिकामं. अर्थशास्त्रात ज्याला संधी-खर्च म्हणतात, म्हणजे एक घेतलं की दुसरं सोडावं लागतं, ते आम्हाला कॉलेजात आख्खं सेमिस्टर शिकवूनही कळलं नव्हतं ते इथे अर्ध्या मिनिटात कळतं.

मग ती मुलगी शहरात येऊन थडकते, थाप निभवायची म्हणून मॅनेजर असल्याचं नाटक, पैशांची गरज, आणि दुकानात गर्दी खेचणाऱ्या कल्पनेला १,००० डॉलर बक्षीस असल्याचं कानावर पडतं. एक मित्र इमारतीवर चढू शकतो, पण ऐनवेळी पोलीस त्याच्या मागे, म्हणून हॅरॉल्ड स्वतः चढतो. म्हणजे ते जगप्रसिद्ध घड्याळ मुळात काय आहे, तर दुकानाची जाहिरात! १९१९ मध्ये फोटो काढताना नकली म्हणून हातात घेतलेला बॉम्ब फुटून लॉइडच्या उजव्या हाताचा अंगठा आणि शेजारचं बोट गेलं होतं, त्यामुळे तो हातमोजा घालून काम करायचा, हे माहीत झाल्यावर तो शेवटचा भाग परत बघा.

पुढच्याच वर्षी 'हॉट वॉटर'मध्ये तो संसारी माणूस झालाय आणि तिथे खरेदीचा तिसरा अंक आहे, सामान घरी नेणं. हातभर पुडकी, त्यात सोडतीत जिवंत टर्की कोंबडा लागतो, आणि हे सगळं घेऊन खचाखच भरलेल्या ट्रॅममध्ये. संध्याकाळी सहा-वीसच्या डोंबिवली लोकलमध्ये जिवंत कोंबडा घेऊन चढून बघा म्हणजे लक्षात येईल.

टोपीचं दुकान राहिलंच. 'स्टीमबोट बिल, ज्युनियर' (१९२८), बस्टर कीटन. दणकट बोटवाला बाप, बऱ्याच वर्षांनी भेटलेला मुलगा, आणि मुलाच्या डोक्यावर असली नाजूक बेरे टोपी की बापाला लाज वाटते, म्हणून नवीन घ्यायला नेतो. कीटन सरळ आपल्याकडे तोंड करून उभा, जणू कॅमेरा हाच आरसा. विक्रेता एक टोपी ठेवतो, बाप काढतो, दुसरी, नको, तिसरी, नको. प्रत्येक टोपीबरोबर कीटन वेगळा माणूस दिसतो आणि चेहरा मात्र हललेला नाही. मध्येच डोक्यावर येते ती त्याची स्वतःची चपटी टोपी, ज्यात जगाने त्याला दहा वर्षं पाहिलेलं, आणि तो दचकून झटकन काढून टाकतो, कुणी ओळखेल म्हणून. थिएटरात तेव्हा काय हशा पिकला असेल! शेवटी एक पसंत पडते, दोघं बाहेर येतात, वाऱ्याने टोपी उडून जाते. पैसे वाया.

इतरही बरेच आहेत. बर्लिनच्या शिंप्याचा मुलगा एर्न्स्ट लुबिच, त्याने १९१६ मध्ये 'शूहपालास्ट पिंकुस'मध्ये उनाड पोरगा बुटांचा मोठा दुकानदार कसा होतो ते स्वतःच काम करून दाखवलं. १९२७ च्या 'इट'मध्ये क्लारा बो काउंटरवरची मुलगी आहे. १९२९ च्या 'बिग बिझनेस'मध्ये लॉरेल आणि हार्डी कॅलिफोर्नियाच्या रखरखीत उन्हात दारोदार ख्रिसमसची झाडं विकतात, एक घरमालक नको म्हणतो, आणि बघता बघता हे त्याचं घर फोडतात आणि तो यांची गाडी. तिथे काउंटर मध्ये नाही म्हणून प्रकरण हातघाईवर येतं असं माझं आपलं मत.

आपल्याकडेही मूकपट-कॉमेडी होती बरं का, दादासाहेब फाळक्यांनी 'मोहिनी भस्मासुर'बरोबर 'पिठाचे पंजे' नावाचा छोटा विनोदी पिक्चर दाखवला होता. पण आपले सुरुवातीचे पिक्चर पुराणकथांचेच जास्त, आणि बाजारात तोंड चालवल्याशिवाय आपल्याकडे भाजीसुद्धा मिळत नव्हती, तेव्हा दुकानाची मूक कॉमेडी इथे कमी झाली यात मला नवल वाटत नाही. वर सांगितलेले १९२९ पर्यंतचे अमेरिकन पिक्चर नेटवर फुकट आणि कायदेशीर बघायला मिळतात. फक्त खाली लोकांनी चिकटवलेलं म्युझिक भयंकर असतं, ते म्यूट करा.

आणि सगळ्यात शेवटी बघायचा तो 'मॉडर्न टाइम्स', १९३६. बोलपट येऊन आठ-नऊ वर्षं झालेली, तरी चार्ली अजून बोलायला तयार नाही. मंदीचे दिवस, त्याला मोठ्या दुकानात रात्रीच्या वॉचमनची नोकरी लागते. दुकान बंद, गिऱ्हाईक नाही, नोकर नाही, सगळा माल आपला. तो उपाशी मैत्रिणीला आत घेतो, आधी केक खायला घालतो, मग खेळण्यांच्या मजल्यावर स्केट्स घालून डोळ्यांना पट्टी बांधून गोल गोल फिरतो, तिला भारीतला फरकोट पांघरून पलंगावर झोपवतो. मग चोर येतात, आणि वीस वर्षांनंतर तोच सरकता जिना परत येतो, या वेळी पायात चाकं. चोरांमधला एक निघतो कारखान्यातला जुना सोबती, तोही बेकार, तोही भुकेला, मग पिऊन गप्पा होतात. सकाळी दुकान उघडतं. कापडाच्या काउंटरवर गिऱ्हाईक बाई माल बघतायत, ढिगातलं कापड ओढलं जातं, आणि त्याखाली चार्ली गाढ झोपलेला.